पेटत्या डोंगरांभोवती एक दिवस

पाणी आणि आग यांचे हाडवैर. पाणी पडले की आग विझते, हे लहान मूलही सांगेल. पण समुद्राच्या मधोमध उभे असलेले आणि आतून धगधगणारे डोंगर या पृथ्वीवर आहेत. चारी बाजूंनी पाणी असूनही त्यांची आग विझत नाही. अशा डोंगरांभोवती आम्ही एक अख्खा दिवस नावेतून हिंडलो. तिथे काय पाहिले आणि त्यामागचे कारण काय, ते आज सांगतो.

युरोपात इटली नावाचा देश आहे. नकाशा काढून पाहा. हा देश बुटासारखा दिसतो. बुटाच्या टोकाशी सिसिली हे मोठे बेट आहे. सिसिलीच्या उत्तरेला समुद्रात सात लहान बेटे आहेत. लिपारी, वुल्कानो, सालिना, स्ट्रॉम्बोली, पानारेआ, फिलिकुदी आणि अलिकुदी ही त्यांची नावे. सगळ्यांना मिळून एओलियन बेटे म्हणतात. सातही बेटे ज्वालामुखींनी घडवली आहेत. २००० साली त्यांचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश झाला.

आमचा भाचा इटलीत नोकरीला आहे. त्याच्याकडे गेलो तेव्हा आमची आत्या बरोबर होती. आत्या सातारा जिल्ह्यातल्या पाटण तालुक्यातली. पासष्टी उलटली, पण गडी खुटखुटीत. ती म्हणाली, "मला तो पेटलेला डोंगर बघायचाय. बाकी काही दाखवू नका."

झाले! आम्ही लिपारी बेटावर मुक्काम केला. पहिल्या दिवशी वारा फार होता म्हणून नाव सुटलीच नाही. काही लोक कुरकुरले. पण नावाडी बधला नाही. दुसऱ्या दिवशी समुद्र निवळला आणि सकाळीच आम्ही निघालो. वाचकहो, समुद्रावर नावाड्याचा शब्द शेवटचा, हे लक्षात ठेवा. अशा सफरीत पोट तुडुंब भरून बसू नये आणि अगदी रिकामेही ठेवू नये. मळमळ होत असेल तर नावेच्या मधोमध बसावे व दूर क्षितिजाकडे पाहावे. टोपी, पाणी आणि पायात बंद जोडे असावेत.

वुल्कानो

लिपारीच्या दक्षिणेला जेमतेम एक किलोमीटरची खाडी ओलांडली की वुल्कानो बेट येते. प्राचीन रोमन लोकांचा वुल्कन नावाचा अग्निदेव होता. तो देवांचा लोहार. त्याची भट्टी या बेटाखाली आहे, असे लोक मानीत. याच नावावरून इंग्रजीत ज्वालामुखीला 'व्होल्कॅनो' म्हणतात.

किनाऱ्याला लागण्याआधीच नाकाला वास आला. आत्याने पदर नाकाला लावला. "अगं बाई, कुणी नासकी अंडी टाकली का काय?"

नासक्या अंड्यांसारखा तो वास गंधकाच्या वायूचा होता. या डोंगराचा शेवटचा उद्रेक १८८८ ते १८९० या काळात झाला. त्यानंतर तो शांत आहे, पण मेलेला नाही. त्याच्या फटींतून आजही वाफ आणि वायू निघतात. फटींच्या तोंडाशी पिवळेधमक गंधक साचते.

दिसणाऱ्या वाफेपेक्षा न दिसणारा वायू घातक असतो. कार्बन डायऑक्साइड हा वायू हवेपेक्षा जड आहे. त्याला रंग नाही, वास नाही. तो सखल जागी, तळघरात, खड्ड्यात साचतो. २०२१ च्या नोव्हेंबरात इथे वायू फार वाढला. तेव्हा बंदराजवळच्या लोकांना रात्री घरात झोपायला मनाई केली गेली. आपल्याकडेही जुन्या बंद विहिरीत उतरलेला माणूस गुदमरतो, तो अशाच वायूंमुळे. म्हणून तशा विहिरीत एकट्याने कधीच उतरू नये.

दगड वितळतो कसा?

आता मूळ प्रश्नाकडे वळू. डोंगराच्या पोटात ही आग येते कुठून?

खरे म्हणजे ही लाकडा-कोळशासारखी जळणारी आग नव्हे. तो वितळलेला दगड आहे. पृथ्वीच्या वरचे कवच अखंड नाही. फुटलेल्या खापरासारखे त्याचे मोठमोठे तुकडे आहेत. हे तुकडे अतिशय हळू सरकतात. इटलीच्या दक्षिणेला समुद्राच्या तळाचा एक तुकडा दुसऱ्या तुकड्याखाली घुसत आहे. तो आपल्याबरोबर पाणीही खोल नेतो. तिथला दगड आधीच तापलेला असतो. त्यात पाणी मिसळले की तो कमी उष्णतेवरही वितळतो. वितळलेला दगड भोवतालच्या दगडापेक्षा हलका होतो, म्हणून वर चढू लागतो.

या रसात वायू विरघळलेला असतो. खोलवर दाब असतो तोवर तो गप्प बसतो. रस वर आला, दाब कमी झाला, की बुडबुडे फुटतात. सोड्याची बाटली आठवा. झाकण आहे तोवर सोडा शांत, झाकण काढले की फसफसून वर!

लिपारी आणि पानारेआ

वुल्कानोहून परत फिरून नाव लिपारीच्या ईशान्य किनाऱ्याने गेली. तिथे डोंगराची कड पांढरीशुभ्र दिसते. बर्फ नव्हे हो, तो प्यूमिस नावाचा दगड आहे. पूर्वी इथे त्याच्या खाणी होत्या. २००७ साली त्या बंद झाल्या. हा दगड घासण्या-पुसण्याच्या कामी येतो, टाचा घासायलाही वापरतात. नावाड्याने एक तुकडा पाण्याने भरलेल्या बादलीत टाकला. तो चक्क तरंगला! आत्याने तो दोनदा बुडवून पाहिला. दोन्ही वेळा वर आला.

याच बेटावर काळा, काचेसारखा चकचकीत दगडही सापडतो. त्याला ऑब्सिडियन म्हणतात. धातूची हत्यारे येण्यापूर्वी, हजारो वर्षांमागे, लोक त्याची पाती बनवीत. लिपारीचा हा दगड समुद्र ओलांडून दूरवर विकला जाई.

एक दगड पांढरा आणि हलका, दुसरा काळा आणि जड. पण दोन्ही एकाच रसाची लेकरे. साखरेचा पाक फसफसवला की बत्तासा होतो आणि तोच पाक ताटात ओतून थंड केला की काचेसारखा कडक तुकडा होतो. साखर एकच, करणी वेगळी. तसेच हे.

दुपारी आम्ही पानारेआला पोचलो. सातांतले हे सर्वांत लहान बेट. त्याच्या जवळ समुद्रातून बुडबुडे वर येतात. तळाच्या फटींतून वायू निघतो. २००२ च्या नोव्हेंबरात इथे एकाएकी इतका वायू उसळला की समुद्र उकळल्यासारखा दिसू लागला. आम्ही तिथेच जेवलो. पाव, टोमॅटो आणि मिठात मुरवलेल्या केपरच्या कळ्या. आत्याने मात्र बरोबर आणलेल्या दशम्या सोडल्या.

स्ट्रॉम्बोली

तिसऱ्या प्रहरी स्ट्रॉम्बोली दिसू लागले. समुद्रातून वर आलेला उभा सुळका, माथ्यावर धुराचा तुरा. हा डोंगर पाण्यावर ९२४ मीटर उंच आहे. पण त्याचा पाया समुद्रात सुमारे दोन हजार मीटर खोल आहे. म्हणजे दोन वाटे डोंगर पाण्यात आणि एकच वाटा बाहेर!

हा डोंगर दोन हजारांहून अधिक वर्षे जवळजवळ अखंड जागा आहे. साधारण दर दहा-वीस मिनिटांनी तो लहानसा स्फोट करतो. रात्री त्याचा उजेड दुरून दिसतो, म्हणून खलाशी त्याला भूमध्य समुद्राचा दीपस्तंभ म्हणत.

पायथ्याशी गाव आहे. पांढरी घरे, काळी वाळू, अंगणात लिंबाची झाडे. काही शे माणसे इथे बारमाही राहतात. गोडे पाणी जहाजाने आणावे लागते. रस्त्यावर रात्री दिवे नसतात.

गावात हिंडताना भाच्याने आत्याला इतिहास सांगितला. १९३० च्या मोठ्या स्फोटात इथे माणसे दगावली. पुष्कळ कुटुंबे ऑस्ट्रेलिया आणि अमेरिकेला निघून गेली. ३० डिसेंबर २००२ रोजी डोंगराची एक बाजू घसरून समुद्रात गेली आणि प्रचंड लाटा उसळल्या. किनाऱ्यावरच्या घरांत पाणी शिरले. हिवाळा होता, प्रवासी नव्हते, म्हणून कोणी मेले नाही. ३ जुलै २०१९ रोजी मोठा स्फोट होऊन डोंगरावर गेलेला एक माणूस मरण पावला.

आमच्यातला एकजण बोलून गेला, "मग हे लोक इथे राहतात तरी कशाला? शहाणा माणूस केव्हाच निघून गेला असता."

आत्या थांबली. म्हणाली, "आम्ही गेलो का?"

आम्हाला कळेना. मग ती सांगू लागली. ११ डिसेंबर १९६७. कोयनेचा भूकंप. पहाटेची वेळ, सगळे झोपेत. ती तेव्हा आठ वर्षांची होती. घर अंगावर आले. तिला बापाने ओढून काढले. तिची आजी मात्र गेली. त्या भूकंपात पावणेदोनशेहून अधिक माणसे मेली.

"लोक म्हणाले, आता हितं राहू नका. पण रान हितं, गुरं हितं, आजीची माती हितंच. जायचं कुठं? त्याच जागी पुन्हा घर बांधलं. अजूनही मधनंच जमीन हादरती. या लोकांचंबी तसंच असंल."

यावर कोणी काही बोलले नाही.

पाटी

थोड्या अंतरावर एक पाटी होती. पाटीवर लाटेचे चित्र आणि वर चढणारा बाण. भोंगा वाजला की कोणत्या वाटेने उंचावर जायचे, हे तिच्यावर दाखवले होते. आत्याला तिथली भाषा येत नव्हती, पण चित्र समजले. तिने विचारले, "भोंगा वाजवायचा, हे यांना आधी कळतं कसं?"

उत्तर असे आहे. मोठ्या स्फोटापूर्वी काही मिनिटे डोंगर किंचित फुगतो. हे फुगणे डोळ्यांना दिसत नाही, पण डोंगरात बसवलेल्या यंत्रांना कळते. वायूचे प्रमाण, जमिनीची थरथर यांवरही शास्त्रज्ञ रात्रंदिवस नजर ठेवतात. २००२ नंतर ही व्यवस्था पुष्कळ वाढली. भूकंपाचे तसे नाही. तो कोणत्या दिवशी, किती वाजता होणार, हे आजही कोणाला सांगता येत नाही. म्हणून भूकंपाच्या मुलखात भोंग्याची वाट पाहून चालत नाही. काय करायचे ते आधीच ठाऊक असावे लागते.

रात्र

अंधार पडता पडता नाव बेटाच्या वायव्य बाजूला गेली. तिथे माथ्यापासून समुद्रापर्यंत एक काळी घसरण आहे. तिला आगीचा उतार म्हणतात. नावाड्याने नाव पुरेशी दूर ठेवून यंत्र बंद केले. सगळे गप्प झाले. एकाएकी माथ्यावर लाल कारंजे उडाले. ठिणग्या उतारावरून गडगडत खाली आल्या. मागाहून धडाड असा आवाज आला. त्या ठिणग्या म्हणजे सुमारे हजार अंशांहून अधिक तापलेल्या दगडाचे गोळे!

आत्या म्हणाली, "पिठलं रटरटतंय गं बाई!"

यापेक्षा चांगले उदाहरण आम्हाला सुचले नसते. पिठले दाट असते. तळातला बुडबुडा वर येऊन फुटतो आणि पिठल्याचे शिंतोडे हातावर उडतात. स्ट्रॉम्बोलीचे स्फोट अगदी असेच होतात. वायूचा मोठा बुडबुडा रसातून वर येतो, फुटतो आणि रसाचे गोळे उडवतो.

परतताना भाच्याने तिला आणखी एक गोष्ट सांगितली. आपल्या सह्याद्रीचा काळा दगडही अशाच रसाचा आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून रस पुन्हा पुन्हा बाहेर आला आणि थरांवर थर साचले. घाटात डोंगराचे पट्टे दिसतात, ते हेच थर. आता तिथे ज्वालामुखी नाही. भारतात जागा ज्वालामुखी एकच, अंदमानातले बॅरन बेट. दीर्घ काळ शांत राहून १९९१ साली तो पुन्हा जागा झाला. तिथे माणसांची वस्ती नाही.

आत्या बराच वेळ मागे वळून पाहत होती. मग म्हणाली, "तशी पाटी आमच्या शाळेवर हाय का? जमीन हादरली तर पोरांनी काय करायचं?"

आम्हाला उत्तर देता आले नाही. म्हणून ते इथे लिहितो. जमीन हादरू लागली आणि तुम्ही घरात असाल, तर जिन्याकडे धावू नका. भक्कम टेबलाखाली किंवा पलंगाखाली शिरा आणि डोके हातांनी झाका. खिडकी, कपाट आणि फडताळ यांपासून दूर राहा. बाहेर असाल तर घरे, झाडे आणि विजेच्या तारा टाळून मोकळ्या जागी थांबा. हादरे थांबले की चूल व गॅस बंद करून बाहेर पडा. भेगा गेलेल्या घरात लगेच परत जाऊ नका.

या ओळी मोठ्या अक्षरात लिहून घरात आणि शाळेत लावा. ज्यांना वाचता येत नाही त्यांना वाचून दाखवा. आत्याच्या गावच्या शाळेसाठी आम्ही एक पाटी रंगवून दिली आहे. अक्षरे आमची आहेत. खाली टेबलाखाली बसलेल्या मुलाचे चित्र आहे, ते आत्याने सांगून काढून घेतले.