निकाल लागला, पण हुकूम पाळला का?



कोर्टाची बेअदबी म्हटले की भर कोर्टात न्यायाधीशांना उलट बोलणे, एवढेच आपल्या डोळ्यांसमोर येते. पण कोर्टाचा हुकूम हाती पडूनही जाणूनबुजून न पाळणे, हाही अवमानच आहे. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात त्याला दिवाणी अवमान म्हटले आहे. नोकरीच्या दाव्यांत हा प्रसंग पुष्कळदा येतो.

समजा, एका कामगाराला कामावरून काढले. तो उच्च न्यायालयापर्यंत लढला आणि 'अमुक तारखेपर्यंत याला कामावर घ्या, मागील पगार द्या' असा हुकूम झाला. संस्था म्हणते, आम्ही वर अपील करू. जरूर करावे, तो हक्क आहे. पण नुसत्या अपिलाने खालचा हुकूम थांबत नाही. स्थगिती मिळवावी लागते. स्थगिती नाही, अंमलबजावणी नाही आणि फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरते आहे, असे झाले की कामगार अवमान अर्ज करतो. त्याला एका वर्षाची मुदत असते.

तेथे मूळ निकाल बरोबर की चूक, हा वाद पुन्हा उकरता येत नाही. हुकूम स्पष्ट होता का, तो माहीत होता का आणि मुद्दाम टाळला का, एवढेच पाहतात. अडचण खरी असेल तर तारीख उलटण्यापूर्वीच मुदतवाढ मागावी.

शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. मनापासून मागितलेली माफी कोर्ट मान्य करू शकते. पण गळ्याशी आल्यावरची माफी चालेलच असे नाही. १९९५ साली बंगळूर महापालिकेतील एका इंजिनिअरच्या बढतीचा हुकूम पाळला नाही म्हणून सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटक सरकारच्या एका सचिवाला एक महिन्याची कैद सुनावली. सचिवाची ही गत, तर इतरांचे काय?

सहकारी संस्थेलाही यातून सुटका नाही. कोर्टाला दिलेली हमी संस्थेने मोडली, तर त्या वेळी कारभार पाहणारी व्यक्तीही दोषी ठरू शकते. आपल्याला माहिती नव्हती किंवा आपण पुरेशी काळजी घेतली होती, हे तिलाच सिद्ध करावे लागते.

आता आपल्या खिशाचे पाहू. बेकायदा बडतर्फी ठरल्यास मागील पगारासह कामावर घेणे हा सर्वसाधारण नियम, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या खटल्यात सांगितले. वीस हजार पगाराच्या माणसाला दीड वर्ष ताटकळत ठेवले, तर तीन लाख साठ हजारांचा बोजा चढतो, आणि काम मात्र एका दिवसाचेही मिळत नाही. वकिलाची फी वेगळीच. कारखान्याच्या तिजोरीतला हा पैसा शेवटी आपल्या उसाचाच. आणि तिकडे निकाल जिंकूनही एका घरची चूल थंड राहते, ती बहुधा आपल्याच शिवारातली.

म्हणून वार्षिक सभेत ऊसदराबरोबर आणखी तीन प्रश्न विचारावेत. कामगारांच्या दाव्यांत विरोधात किती हुकूम झाले? त्यांतल्या किती हुकुमांना स्थगिती आहे? आणि बाकीचे कोणत्या तारखेपर्यंत पाळायचे आहेत? उत्तरे तोंडी नकोत, अहवालात छापून मागावीत.