सीझन वक्री झाला!

नाशिककराला 'सीझन लांबला' म्हणून सांगायला जाऊ नका, तो हसेल. मागचा सिंहस्थ कुंभमेळा १४ जुलै २०१५ ला ध्वज चढून सुरू झाला आणि ११ ऑगस्ट २०१६ ला संपला. म्हणजे साधारण १३ महिने. येणारा मात्र ३१ ऑक्टोबर २०२६ पासून थेट २४ जुलै २०२८ पर्यंत, जवळजवळ २१ महिने! गुरू महाराज सिंह राशीत येतात, वक्री होऊन मागे फिरतात, पुन्हा येतात, पुढे जातात आणि परत एकदा डोकावतात. अशा तीन फेऱ्या होतात म्हणून हा 'त्रिखंडी' सिंहस्थ.

कॉलेज रोडच्या कट्ट्यावर मोबाईल आडवा धरून रँक पुश करणाऱ्या पोरांचा गुरू मात्र परदेशातल्या कुठल्या तरी ऑफिसात बसलेला असतो. तोही वक्री होतो.

ज्यांच्या घरी असं पोर नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: ऑनलाइन गेमचा सीझन साधारण दोन-तीन महिन्यांचा. नवा नकाशा, नवे कपडे, नव्या बंदुका. सोबत विकत घ्यायचा बॅटल पास. खेळत राहा, पायऱ्या चढा, बक्षिसं उघडा. मुदत संपली की रँक घसरते आणि राहिलेली बक्षिसं गेली. म्हणून पोरं परीक्षेच्या आदल्या रात्रीसारखी जागतात. आणि ऐन वेळी घोषणा होते, सीझन तीन आठवडे वाढवला! ज्याचा पास अर्धा राहिला तो नाचतो. ज्याने झोप मोडून तो आधीच मॅक्स केला, तो चिडतो.

'कंपनीला पैसे काढायचेत' हा कट्ट्यावरचा लाडका सिद्धांत. मला तो पटत नाही. सीझन लांबला की नव्या पासची विक्रीही लांबते, आणि सगळं मिळवून बसलेला खेळाडू दुसऱ्या गेमकडे वळतो. दुकानदार स्वतःहून सेल पुढे ढकलतो तेव्हा बहुतेक वेळा माल आलेला नसतो. इथेही तेच.

फोर्टनाइटचं घ्या. त्याच्या दुसऱ्या चॅप्टरचा पहिला सीझन १५ ऑक्टोबर २०१९ ला उघडला. डिसेंबरात संपायचा तो २० फेब्रुवारी २०२० पर्यंत ताणला गेला. तब्बल १२८ दिवस! पडद्यामागे एपिक कंपनी खेळाचं भौतिकशास्त्रच बदलत होती. भिंत कशी कोसळेल, वस्तू कशी घरंगळेल याचा हिशेब करणारी यंत्रणा काढून 'केऑस' नावाची नवी बसवायची होती. केऑस म्हणजे गोंधळ; नाव ठेवणाऱ्याला दाद द्यायला हवी. घरात माणसं राहत असताना पाया बदलायचा तर पाहुण्यांना 'अजून थोडे दिवस बसा' म्हणावंच लागतं.

त्याच्या पुढच्या सीझनची गंमत, किंवा गंमत नव्हेच. तो ३० एप्रिल २०२० ला संपायचा होता; आधी ४ जून झाला, मग ११, मग १७. शेवटच्या टप्प्यात कारण खेळाबाहेरचं होतं. पोलिसांच्या हातून झालेल्या जॉर्ज फ्लॉइडच्या मृत्यूनंतर अमेरिकेत लोक रस्त्यावर उतरले होते आणि अशा वेळी नव्या सीझनचे फटाके फोडणं कंपनीला बरं वाटेना. कॉल ऑफ ड्यूटी या गेमनेही त्याच दिवसांत आपला नवा सीझन पुढे ढकलला.

लांबणीच्या स्पर्धेत मात्र फोर्टनाइट लिंबूटिंबू. डेस्टिनी २ या गेमचा 'सीझन ऑफ द विश' २८ नोव्हेंबर २०२३ ला सुरू झाला. फेब्रुवारीत येणारा मोठा भाग रखडला, म्हणून सीझन ४ जून २०२४ पर्यंत चालला. मोजा, १८९ दिवस. मधल्या काळात लोकांनी पळू नये म्हणून एप्रिलमध्ये फुकट खाऊ वाटला गेला.

आणि खरा विक्रमवीर न्यूझीलंडचा. पाथ ऑफ एक्झाइल या गेममध्ये सीझनला 'लीग' म्हणतात, आणि ती तीन-चार महिन्यांत बदलते. २६ जुलै २०२४ ला सुरू झालेली लीग बदलायला १३ जून २०२५ उजाडला! कारण कंपनीने माणसं उचलून त्याच गेमच्या दुसऱ्या भागाच्या कामाला लावली होती. धाकट्याच्या बारशाच्या गडबडीत थोरल्याची शाळेची फी भरायची राहावी, तसं. थोरल्याचे चाहते भडकले, कंपनीला माफी मागावी लागली.

सीझन वाढला की बहुतेक कंपन्या भरपाई म्हणून जादा मिशन, दुप्पट गुण असं काही पदरात टाकतात. ही कल्पना आपलीच म्हणायची. चांद्र वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे ११ दिवसांनी तोकडं पडतं, म्हणून पंचांगकर्ते साधारण तीन वर्षांतून एकदा अधिक महिना घालतात. २०२३ मध्ये अधिक श्रावण आला आणि चातुर्मास पाच महिन्यांचा झाला. अशा धोंड्याच्या महिन्यात जावयाला ३३ अनारशांचं वाण मिळतं. जादा महिना, जादा बक्षीस, आणि चिडचिड कुणाचीच नाही!

सीझन लांबण्याचं एक बारीक कारण कट्ट्यावर कुणाच्या लक्षात येत नाही. नवा अपडेट कंपनीने बनवला की थेट खेळाडूपर्यंत येत नाही. आधी अ‍ॅपल, सोनी, मायक्रोसॉफ्ट यांच्या तपासणीतून जावं लागतं. अ‍ॅपलचा तर कैक वर्षं शिरस्ता होता, नाताळात काही दिवस नवे अपडेट घेणंच बंद. दिवाळीत सरकारी कचेरीत अर्ज घेऊन जाणाऱ्यांना वेगळं समजावायला नको.

आपल्याकडे सीझन लांबण्याऐवजी तुटलाही आहे. २ सप्टेंबर २०२० ला केंद्राने ११८ अ‍ॅप्सवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाईल होता. ३० ऑक्टोबरला सर्व्हर बंद. पास, स्किन, रँक सगळं तेव्हा तरी गोदार्पण. २ जुलै २०२१ ला तोच खेळ बीजीएमआय नावाने परतला, जुलै २०२२ मध्ये पुन्हा दुकानांतून गायब झाला, आणि मे २०२३ मध्ये सरकारने त्याला परवानगी दिली ती फक्त तीन महिन्यांची, चाचणी म्हणून. देशाच्या मंत्र्याने जाहीर केलेला हा बहुधा पहिलाच गेमिंग सीझन. त्याची मुदत ऑगस्ट २०२३ मध्येच भरली. पोरं अजून खेळतायत.