गंधकाची कावड

मागच्या शनिवारी गुरुजींनी शाळेच्या टी.व्ही.वर आम्हांला एक छोटा माहितीपट दाखवला. तो इंडोनेशिया देशातल्या जावा बेटाचा होता. तिथे इजेन नावाचा ज्वालामुखी आहे. तो आपल्या कळसूबाईपेक्षा उंच आहे. वर मोठा खड्डा आणि खड्ड्यात निळसर हिरवे तळे. दिसायला फार छान, पण ते पाणी म्हणजे आम्ल आहे. त्यात हात घालायचा नाही.

तळ्याच्या काठाला जमिनीतून गरम वाफा येतात. त्यांत गंधक असते. माणसांनी तिथे नळ बसवलेत. भाताच्या झाकणाला वाफ लागून जसे थेंब जमतात, तशी ही वाफ नळात थंड होते नि गंधक ठिबकते. आधी लाल दिसते. निवले की हळदीसारखे पिवळे नि दगडासारखे घट्ट! मग ते पहारीने फोडायचे, दोन टोपल्यांत भरायचे नि टोपल्या बांबूला लावायच्या. झाली कावड.

ही कावड घेऊन खड्ड्यातून सुमारे ३०० मीटर वर चढायचे. वाट नुसती धोंड्यांची. गाडी जात नाही. धुराने ठसका लागतो, म्हणून बरेच जण तोंडाला ओले फडके धरतात. एका कावडीत ७० ते ९० किलो गंधक असते. माझे वजन २४ किलो आहे. गुरुजींनी आम्हां तिघांना पुढे उभे केले नि म्हणाले, "एवढं वजन!" आधी सगळे हसले, मग गप्प झाले.

त्या देशात हे गंधक साखर पांढरी करायला वापरतात.

आमचे आजोबा तरुणपणी ओढ्यावरून कावडीने पाणी आणायचे. ते म्हणाले, "अरं, कावड दोन्हीकडं सारखी लागती. एक बाजू हलकी झाली की दुसरी माणसाला वढती." मी दोन बादल्या काठीला लावून पाहिल्या. एकीत पाणी कमी होते, तर काठी फिरली नि सगळे पाणी पायावर. सारख्या भरल्यावर जमले, पण खांदा दुखला. आजोबांच्या खांद्यावर घट्टा आहे. माहितीपटातल्या माणसांच्या खांद्यावर तर मोठ्या गाठी होत्या.

डोंगर उतरल्यावर काट्यावर वजन होते. पैसे किलोवर मिळतात, म्हणजे वाटेत तुकडा पडला तर त्यांचाच तोटा.

मी गुरुजींना विचारले, दोर नि कप्पी का लावत नाहीत? गुरुजी म्हणाले, काठावरून खाली यायला आता काही जण हातगाडा वापरतात. खड्ड्यातला चढ मात्र खांद्यावरच.