नाताळची टर्की आणि थर्मामीटर

यंदाच्या स्मरणिकेसाठी वैद्यकीय विषय सोडून काहीतरी लिहावे, असा संपादक मित्रांचा आग्रह होता. लिहावयास बसलो आणि लक्षात आले की, गेल्या नाताळात मी जे केले त्याला स्वयंपाक म्हणावे की वैद्यकी, हे माझे मलाच ठरवता येत नाही. तेव्हा तेच लिहितो.

माझ्या रुग्णालयात बावीस वर्षे सेवा करून निवृत्त झालेल्या एक सिस्टर आहेत. बीदर व आसपासच्या तालुक्यांत मेथडिस्ट ख्रिस्ती समाज मोठा आहे, हे आपण जाणताच. सिस्टर त्याच समाजातील. दरवर्षी २५ डिसेंबरला दुपारचे जेवण त्यांच्या घरी, हा आमच्या कुटुंबाचा अनेक वर्षांचा परिपाठ. गेल्या वर्षी मात्र त्यांना लिम्फोमाचे निदान झाले आणि हैदराबादला केमोथेरपी सुरू झाली. पांढऱ्या पेशी कमी, तोंडात व्रण, घशाला कोरड. नर्सिंगचे शिक्षण घेत असताना एका परदेशी मिशनरी दांपत्याच्या घरी त्यांनी नाताळची भाजलेली टर्की पाहिली होती. पाहिली, पण ताटात आली नव्हती. आजारपणात माणसाला कशाची आठवण होईल हे सांगता येत नाही. "डॉक्टरसाहेब, तेवढी एक चव राहिली बघा," असे त्या हसत म्हणाल्या, आणि त्यांच्या मुलीने ते मनावर घेतले. हैदराबादहून थर्मोकोलच्या पेटीत गोठवलेली टर्की आली. अख्खा पक्षी नव्हे, केवळ हाडासकट छातीचा भाग, वजन दोन किलो. जेवणारी माणसे सहा, त्यांत सिस्टरांची चौदा महिन्यांची नात. ओव्हन आमच्या घरी. म्हणून भाजण्याची जबाबदारी आमच्यावर आली. सौभाग्यवतींनी स्पष्ट सांगितले, "कोंबडीचे मला विचारा, या पाहुण्याचे तुम्हीच बघा."

अडचण दुहेरी होती. मांस किंचित कच्चे राहिले तर साल्मोनेला अथवा कँपिलोबॅक्टरचा धोका. आणि ज्यांची प्रतिकारशक्ती क्षीण आहे अशी आजी व चौदा महिन्यांची नात एकाच पंक्तीला. उलट, भीतीपोटी जास्त भाजले तर छातीचे मांस कापसासारखे कोरडे होणार, आणि तोंडात व्रण असलेल्या सिस्टरांना तो घास गिळताच येणार नाही. म्हणजे सुरक्षित आणि गिळण्याजोगे यांच्यामधली जागा जेमतेम काही अंशांची.

हा पक्षी मूळचा अमेरिका खंडातला. पोर्तुगीजांनी तो भारतात आणला. १६१२ साली मुकर्रब खानाने गोव्याहून आणलेल्या चीजवस्तूंमध्ये एक टर्की होती. ती पाहून जहांगीर बादशहा इतका चकित झाला की, उस्ताद मन्सूरकडून त्याने तिचे चित्र काढवून घेतले. ते चित्र आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहे. गंमत अशी की, पोर्तुगीज भाषेत या पक्ष्याला 'पेरू' म्हणतात. आपल्याकडे पेरू म्हटले की मीठ-तिखट लावलेली फोडच डोळ्यांपुढे येते!

छातीचे मांस कोरडे का पडते, हे आपणा डॉक्टरांना समजणे सोपे आहे. पाळीव टर्की दिवसभर चालते, उडते क्वचितच. त्यामुळे पायांचे स्नायू सतत कामात असलेले, मायोग्लोबिनने लालसर झालेले, आणि त्यांत कोलॅजन भरपूर. छातीचे स्नायू पांढरे, थोडा वेळ जोराचा झटका देणारे. त्यांत चरबी कमी व कोलॅजनही कमी. पायाचे मांस ८० अंश सेल्सिअसच्या वर गेले तरी बिघडत नाही, कारण कोलॅजन विरघळून त्याचे जिलेटिन होते आणि घास ओलसर लागतो. छातीला असा कैवारी कोणी नाही. साठीच्या पुढे तिचे तंतू आखडू लागतात, सत्तरीनंतर पाणी झपाट्याने बाहेर पिळले जाते, आणि ८० ला पोचेपर्यंत दोरखंड होतो. अख्खा पक्षी भाजताना हीच पंचाईत असते: पाय शिजेपर्यंत छाती सुकते. छोट्या कुटुंबाने नुसती छाती आणावी हे उत्तम, आणि आपल्या घरच्या ३०-४० लिटरच्या ओ.टी.जी.मध्ये मावतेही तेवढीच.

पहिले काम गोठलेले मांस नीट सैल करणे. ओट्यावर उघडे ठेवून हे कधीही करू नये. वरचा थर खोलीच्या तापमानाला येऊन जंतूंची वाढ सुरू होते आणि आत बर्फच असतो. फ्रिजच्या सर्वांत खालच्या कप्प्यात, खोल परातीत ठेवावे म्हणजे गळणारे पाणी भाजीपाल्यावर पडत नाही. दोन ते अडीच किलोला साधारण २४ तास लागतात. आम्ही २३ तारखेच्या सकाळी ठेवले आणि २४ ला सकाळी ते मऊ झाले.

दुसरी गोष्ट सांगताना घरात वाद झाला. आपल्याकडे मांस तीन पाण्यांनी खळखळून धुण्याची रीत आहे आणि त्यामागे स्वच्छतेचीच भावना आहे. परंतु नळाखाली धुतल्याने जंतू मरत नाहीत. शिंतोड्यांबरोबर ते बेसिनवर, शेजारच्या कोथिंबिरीवर, घासलेल्या ताटांवर जातात. ते मरतात उष्णतेने. म्हणून मांस कागदाने टिपून कोरडे करावे, तो कागद लगेच केरात टाकावा आणि हात साबणाने धुवावेत. कच्च्या मांसाची सुरी व पाट कोशिंबिरीला वापरू नये.

मग मीठ. किलोला सुमारे १० ग्रॅम, म्हणजे दोन लहान चमचे, या हिशेबाने बारीक मीठ सर्वत्र, कातडीखालीही चोळून मांस एक रात्र फ्रिजमध्ये ठेवले. मिठामुळे स्नायूंतील काही प्रथिने सैल होतात आणि उष्णतेने आखडताना पाणी धरून ठेवतात. मीठ चवीसाठी असते एवढेच मला तोवर ठाऊक होते. एक सावधगिरी मात्र हवी: पुष्कळदा गोठवलेल्या टर्कीत कारखान्यातच मिठाचे पाणी टोचलेले असते; वेष्टनावर तसे छापलेले असल्यास आपण मीठ घालू नये. भाजण्यापूर्वी लोणी, ठेचलेला लसूण, मिरपूड व थोडी लिंबाची साल किसून कातडीखाली भरली. हिरवी मिरची सिस्टरांच्या तोंडासाठी टाळली.

आता थर्मामीटर. गेली तीस वर्षे मी मातांना एकच सांगत आलो आहे की, कपाळावर हात ठेवून ताप मोजू नका. हात थंड असेल तर मूल तापलेले वाटते, हात गरम असेल तर खरा ताप निसटतो. स्वयंपाकघरात मात्र मी स्वतः तेच करत होतो: सुरी टोचून पाहणे, रस पांढरा आला की झाले म्हणणे, 'किलोला इतकी मिनिटे' असा हिशेब धरणे. रसाचा वा मांसाचा रंग विश्वासार्ह नाही. पूर्ण शिजलेले मांसही हाडालगत गुलाबी राहू शकते, आणि पांढरे दिसणारे मांस आतून कमी तापलेले असू शकते. पातळ सुईचा डिजिटल अन्न-थर्मामीटर काही शे रुपयांत मिळतो. (आपला दवाखान्यातला थर्मामीटर मांसात खुपसू नये, तो ४२ अंशांपलीकडे जात नाही आणि पाऱ्याचा असेल तर फुटेल. हे लिहावे लागते, कारण एका सर्जन मित्राने मला गंभीरपणे विचारले होते!) नवा थर्मामीटर आधी तपासून घ्यावा. बर्फ व पाणी यांच्या मिश्रणात त्याने शून्य दाखवावे. उकळत्या पाण्यात १०० ची अपेक्षा धरू नये. बीदर समुद्रसपाटीपासून साडेसहाशे मीटरच्या आसपास उंच आहे, त्यामुळे येथे पाणी सुमारे ९८ अंशांनाच उकळते.

ओव्हन १६५ अंशांवर तापवून, कातडीची बाजू वर ठेवून, तळाशी कांदा-गाजराच्या जाड चकत्या व वाटीभर पाणी घालून टर्की आत गेली. दोन किलोच्या हाडासकट छातीला साधारण दीड ते दोन तास लागतात. ओ.टी.जी.ची वरची सळई जवळ असल्याने कातडी लवकर करपते. अर्ध्या तासाने वर फॉइल सैलसर झाकले.

चाळीस मिनिटे झाली आणि वीज गेली. आपल्याकडे हे नवीन नाही. दार न उघडता वाट पाहिली. वीस मिनिटांनी ती परत आली. परंतु आता घड्याळाचा सगळा हिशेब निरर्थक झाला होता. एक तास भाजले म्हणावे की चाळीस मिनिटे? जुन्या पद्धतीने मी 'असू द्या अजून अर्धा तास' म्हणत ते कोरडे करून टाकले असते, किंवा पाहुणे ताटकळलेले पाहून घाईने काढले असते. सुई सर्वांत जाड भागात, हाडाला न टेकवता खुपसली (हाड लागले की आकडा फसवतो). एकसष्ट. वीस मिनिटांनी अडुसष्ट. सिस्टरांची मुलगी दारात उभी राहून आकडे ऐकत होती, जणू आतल्या खोलीत बाळ तापलेले आहे.

कोंबडी-टर्कीसाठी ७४ अंश हा सर्वमान्य सुरक्षित आकडा आहे. त्या तापमानाला साल्मोनेला जवळपास तत्काळ मरतो. त्याहून काही अंश कमी तापमान पुरेशी मिनिटे टिकले तरी तेच काम होते, पण असे बारीक गणित निरोगी प्रौढांनी आपल्यापुरते करावे. आजारी माणूस व लहान मूल पंक्तीला असताना नव्हे. ७२ दिसल्यावर मी ताट बाहेर काढले, पण सुई आत तशीच ठेवली. बाहेरच्या थरातली उष्णता आत शिरत राहते, त्यामुळे बाहेर काढल्यावरही आतला आकडा तीन-चार अंश चढतो. सात मिनिटांत ७५ दिसले. चढला नसता तर पुन्हा आत ठेवले असते. मग वीस मिनिटे हात लावला नाही. लगेच कापल्यास रस पाटावर वाहून जातो.

कापताना छातीचा एक संपूर्ण भाग उरोस्थीपासून सोडवून घेतला आणि तंतूंच्या आडव्या दिशेने पातळ काप केले. तंतू आखूड झाले की चावणे सोपे होते. तळाच्या कांद्या-गाजराचा रस गाळून, थोडे पीठ लावून उकळला व त्यात सिस्टरांचे काप भिजवून दिले. नातीला काप नव्हे, हाताने अगदी बारीक सोडवलेले तंतू रसात कालवून दिले. दाढा नसलेल्या मुलाच्या हाती मांसाचा गोळा देणे म्हणजे श्वासनलिकेत अडकण्यास निमंत्रण. सिस्टरांनी तीन काप खाल्ले. चौथा मागितला तेव्हा त्यांच्या मुलीने तोंड फिरवले, ते मी पाहिले.

जेवणानंतर सर्वांना पेंग आली. टर्कीतल्या ट्रिप्टोफॅनने झोप येते अशी एक लाडकी समजूत आहे. कोंबडीतही ते जवळपास तितकेच असते. पेंग भरल्या पोटाची व दुपारची.

उरलेल्या मांसाकडे आपले दुर्लक्ष होते. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी औराद तालुक्यातील एका गावातून एकाच सकाळी अकरा मुले जुलाब व पोटाच्या कळांनी माझ्याकडे आली होती. सकाळी शिजवलेला रस्सा मोठ्या पातेल्यात रात्रीपर्यंत तसाच राहिला आणि कोमट करून वाढला गेला. क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजन्सचे बीजाणू उकळीतूनही वाचतात आणि पातेले सावकाश निवताना वाढतात. बहुतेक मुले ओ.आर.एस.ने सुधारली, दोघांना सलाइन लागले. म्हणून दोन तासांच्या आत, आणि आपल्या मे महिन्यात तर तासाभरात, उरलेले मांस हाडापासून सोडवून उथळ डब्यांत फ्रिजमध्ये घालावे, तीन-चार दिवसांत संपवावे, आणि खाताना पुन्हा वाफा येईपर्यंत, ७४ अंशांपर्यंत तापवावे.

टर्की न मिळाल्यास हेच सर्व कोंबडीच्या हाडासकट छातीला लागू आहे; ओव्हन १८० ला ठेवल्यास पाऊण तासाच्या आसपास काम होते. गावठी कोंबडीच्या वाटेला मात्र जाऊ नये. तिचे मांस मुरलेले व चिवट, तिला रस्साच शोभतो.

हाडे आम्ही टाकली नाहीत. २६ तारखेला आले, मिरे व कांदा घालून सौभाग्यवतींनी त्यांचे सूप केले आणि गरम असतानाच डबा सिस्टरांकडे पाठवला. परत आलेल्या डब्यात ज्वारीच्या दोन भाकरी होत्या, आणि एक चिठ्ठी: थर्मामीटर कोणत्या दुकानात मिळतो?