न कुजणारा साठा

साठा म्हणजे काय, हे आम्हां धान्याच्या व्यापाऱ्यांस कोणी शिकवावयास नको. वखारीत तूर पडून राहिली म्हणजे भाडे चढते, वजनात तूट येते, पावसाळ्यात कीड लागते. माल स्वतःच मालकास जागे करतो. मोबाइलमधील साठ्यास ना कीड, ना वास. सुप्रभातीची चित्रे, एकाच हिशोबाच्या पाच प्रती, लग्नातील एकाच क्षणाची वीस छायाचित्रे, सारे 'असू द्या' म्हणून राहते. परिग्रह-परिमाणात धान्य मोजले आहे, फाइल मोजलेली नाही. तेवढ्यावरून तिला मोकळीक आहे असे समजू नये.

ही सवय जागेच्या फुकटपणाने लावली. ठरावीक प्रतीची छायाचित्रे गूगल पूर्वी मोजणीत धरीत नसे. १ जून २०२१ पासून नवी छायाचित्रे, मेल व ड्राइव्ह मिळून १५ गिगाबाइटच विनामूल्य राहिले. एक छायाचित्र तीन मेगाबाइटचे धरले तर हे कोठार सुमारे पाच हजारांत भरते. पुढे दरमहा भाडे, आणि तेही बहुधा कचऱ्याचे.

परंतु खरे नुकसान भाड्याचे नव्हे. जी.एस.टी. कायद्यान्वये वह्या व बिले वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम मुदतीपासून ७२ महिने जपावी लागतात. सन २०२३-२४ ची मुदत ३१ डिसेंबर २०२४ होती. अर्थात ते दप्तर २०३० अखेरपर्यंत हवे, अपील चालू असल्यास त्याहूनही अधिक काळ लागू शकते. नोटीस आली, उत्तरास मोजके दिवस मिळाले, आणि हवे ते बिल दहा हजार चित्रांखाली दडले असेल, तर ते असून नसल्यासारखेच. करवजावटीचा हक्क पुराव्यावर उभा असतो.

यास्तव निवड करावी, सरसकट पुसू नये. बॅकअप चालू असता गूगल फोटोजमध्ये चित्र पुसले की ते फोनमधून व गूगलच्या साठ्यातून, दोन्हीकडून जाते. 'तिकडे असेलच' हा समज घातक आहे. व्हॉट्सॲपवरील चित्रे आपोआप उतरणे बंद करता येते. घरातील मुलांकडून ते करवून घ्यावे, म्हणजे बरीचशी आवक दारातच थांबते. बिलाच्या फाइलीस नाव देताना आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, नंतर पेढीचे नाव लिहावे. संगणक त्या ओळीने लावतो. त्यांची एक प्रत निराळ्या हार्ड डिस्कवर घेऊन ती पेढीवर न ठेवता घरी ठेवावी. आम्ही हे काम दर शनिवारी दिवाणजींना बरोबर घेऊन उरकतो. अर्धा तास पुरतो.