रंगमंच आणि पडदा : डॉ. श्रीराम लागूंचा वाचिक अभिनय

डॉ. श्रीराम लागू (१९२७–२०१९) हे कान-नाक-घशाचे शल्यविशारद. पुण्यात व पूर्व आफ्रिकेत व्यवसाय केल्यावर, चाळिशी उलटलेली असताना १९६९ मध्ये तो सोडून ते पूर्णवेळ नट झाले. संसारी माणसाच्या दृष्टीने हे धाडसच होते. पुढच्याच वर्षी कुसुमाग्रजांच्या 'नटसम्राट'मधील गणपतराव बेलवलकर त्यांच्याकडे आले. त्यातील दीर्घ स्वगते शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचवायची, तर श्वास, विराम आणि आघात यांचे नियोजन अटळ ठरते.

पडद्यावर हे गणित बदलते. साकीनाक्याच्या रहदारीत आपण आवाज चढवतो आणि घरात शिरताच उतरवतो, तसेच हे. जब्बार पटेल दिग्दर्शित 'सामना'त लागूंचे मद्यपी मास्तर निळू फुलेंच्या हिंदुराव पाटलासमोर उभे राहतात. येथे कॅमेरा जवळ असल्याने हलका स्वरही पुरतो. (विजय तेंडुलकरांच्या संवादलेखनाचा वाटाही येथे मोठा आहे.) मारुती कांबळेविषयीचा एकच प्रश्न मास्तर पुन्हा पुन्हा विचारतात. तो दर वेळी कोणाला विचारला जातो आणि आघात कोणत्या शब्दावर पडतो, हे चित्रपट पाहताना आपल्या वहीत टिपून ठेवावे.