किपलचा पहिला नियम

काडेपेटीतली शेवटची काडी ओढली की हातात उरते ती पेटी म्हणजे किपल. वाचून झालेलं कालचं वर्तमानपत्र, च्युइंगमचा कागद, दारात येऊन पडलेली जाहिरातपत्रं, हे सगळं किपल. घरात माणूस नसला की त्याची वीण वाढते. रात्री झोपताना थोडं इकडेतिकडे पडून राहिलं तर सकाळी ते दुप्पट झालेलं असतं. आणि त्याचा पहिला नियम असा, की जे किपल नाही त्याला किपल हुसकावून लावतं.

हा नियम मांडणारा वैज्ञानिक कुठल्याही विद्यापीठात सापडणार नाही. त्याचं नाव जॉन इसिडोर, आणि तो राहतो फिलिप के. डिकच्या १९६८ सालच्या ‘डू अँड्रॉइड्स ड्रीम ऑफ इलेक्ट्रिक शीप?’ या कादंबरीत. महायुद्ध होऊन गेलंय, किरणोत्सारी धूळ पृथ्वीभर पसरलीय, आणि ज्यांना जमलं ते मंगळावर गेलेत. धुळीने बुद्धी मंदावलेल्यांना तिकडे प्रवेश नाही, म्हणून इसिडोर मागे राहिलाय. सॅन फ्रान्सिस्कोच्या उपनगरातल्या एका अवाढव्य इमारतीत तो एकटा राहतो. आजूबाजूच्या बंद घरांतलं सामान हळूहळू एकजीव होत चाललंय. एक दिवस त्याच इमारतीत प्रिस नावाची शेजारीण येते. तिला तो हा नियम समजावून सांगतो. प्रिस स्वतः अँड्रॉइड आहे. झिजलेल्या पेशी भरून काढता येत नसल्याने तिच्या जातीचं आयुष्य जेमतेम चार वर्षांचं. क्षयाचा नियम ऐकायला याहून योग्य श्रोता कोण मिळणार! याच कादंबरीवरून रिडली स्कॉटने १९८२ साली ‘ब्लेड रनर’ काढला. त्यात किपलला जागा मिळाली नाही, याची मला मनापासून हळहळ वाटते.

नियमाचा साचा अर्थशास्त्रातला आहे. हिणकस नाणं चांगल्या नाण्याला बाजारातून हुसकावतं, असं ग्रेशमचा नियम सांगतो. लोक भरपूर चांदी असलेली नाणी घरात दडवतात आणि हिणकस नाणी खर्चतात, त्यामुळे बाजारात हिणकसच फिरत राहतात. तिथे निदान माणसांचा लोभ तरी काम करत असतो. किपलच्या मागे कोण आहे?

या प्रश्नाचं उत्तर एकोणिसाव्या शतकात भौतिकशास्त्रज्ञ लुडविग बोल्ट्झमानने दिलं होतं. मागे कोणीच नाही, आहे ती फक्त मोजदाद. ५२ पत्ते एक्क्यापासून राजापर्यंत, रंगवार, ठरलेल्या क्रमाने लावायची रीत एकच. पण ते एकूण किती रीतींनी लागू शकतात? आठावर ६७ शून्यं, जवळपास इतक्या. पत्ते पिसताना कोणीही ‘बिघडव’ म्हणत नाही. विस्कळीत मांडण्या इतक्या अफाट संख्येने आहेत की डोळे मिटून टाकलेलं पाऊल त्यांतल्याच एकीवर पडतं. वस्तूंची पिलावळ होत नाही हे खरं, पण पसाऱ्याच्या शक्यता मात्र खरोखरच बेसुमार असतात. व्हिएन्नाच्या मुख्य दफनभूमीत बोल्ट्झमानच्या स्मारकावर पसारा आणि शक्य मांडण्यांची संख्या यांचं नातं सांगणारं सूत्र कोरलेलं आहे.

कादंबरीत आणखी एक क्षय चालू आहे, आणि त्याची दिशा बरोबर उलटी आहे. अण्वस्त्रांच्या धुळीत असणारं सीझियम-१३७ घ्या. सुमारे ३० वर्षांत ते निम्मं होतं, पुढच्या ३० वर्षांत त्याच्या निम्मं. ३०० वर्षांत अशा दहा पायऱ्या उतरल्या की साधारण हजारावा भाग उरतो. किपल मात्र दहा रात्रींत हजारपट! डिकने ही दोन गणितं एकाच आकाशाखाली आणून ठेवली. त्याची धूळ पूर्वीपेक्षा सौम्य झालीय आणि पसारा मात्र चढतोच आहे. सीझियमची गंमत अशी की त्याच्या अणूला म्हातारपण नसतं. तीनशे वर्षं टिकलेला अणू आणि आज जन्मलेला अणू, पुढच्या क्षणी फुटण्याची शक्यता दोघांचीही तंतोतंत सारखीच. कोणता अणू कधी फुटेल हे कोणालाच सांगता येत नाही, तरी सगळे मिळून घड्याळासारखे निम्मे होतात.

इसिडोरच्या नियमाला एक पुस्ती आहे आणि मला ती मूळ नियमापेक्षाही मोलाची वाटते. किपलवर मात करता येते, पण तात्पुरती आणि एखाद्याच जागी. आपल्या खोलीपुरता इसिडोरने तोल सांभाळलाय. तो गेला की खोलीही जाईल. भौतिकशास्त्राचं म्हणणं अक्षरशः हेच आहे. एका कोपऱ्यात व्यवस्था ठेवता येते, फक्त तिची किंमत बाहेर कुठेतरी चुकवावी लागते. पृथ्वी ती किंमत कशी चुकवते पाहा. सूर्याकडून जेवढी ऊर्जा येते जवळपास तेवढीच ती अवकाशात परत टाकते. पण आलेल्या एका फोटॉनमागे ती अदमासे वीस फोटॉन परत पाठवते, प्रत्येक आलेल्या फोटॉनपेक्षा दुबळा. ऊर्जा तीच, चिल्लर झालेली. या मोडीच्या व्यवहारावर गवत उगवतं, गाय चरते, आणि इसिडोर आपली खोली झाडतो.

मग इसिडोरच्या जगात पसारा का जिंकतोय? तिथे सर्वांत आधी घुबडं मेली, मग इतर प्राणी. इसिडोरला जिन्यात एक जिवंत कोळी सापडतो तेव्हा तो हरखून जातो. चार पायांवर त्याला चालता येतं का हे बघायला प्रिस त्याचे पाय एकेक करून कापते. त्यानंतर लगेच इसिडोरला सगळीकडे मोडतोड दिसू लागते, कपाला बारीक तडे जाऊन टवका उडतो. डिकने या घटना एकामागे एक ठेवल्या, कारण पसारा रोखणारं जे काही आहे ते जिवंत आहे. ज्याला आपण कुजणं म्हणतो तेही बुरशीचं आणि जिवाणूंचं जेवण असतं.

हे जेवण थांबलं तर काय होतं, ते खऱ्या जगातही दिसलंय. जीवशास्त्रज्ञ टिमोथी मुसो आणि सहकाऱ्यांनी अणुभट्टीच्या अपघाताने दूषित झालेल्या चेर्नोबिलभोवतीच्या रानात वाळलेली पानं पिशव्यांत भरून ठेवली आणि काही महिन्यांनी त्यांचं वजन केलं. २०१४ साली त्यांनी जे प्रसिद्ध केलं ते वाचून मला इसिडोर आठवला. सर्वांत दूषित भागांत पानांच्या वजनातली घट स्वच्छ भागांपेक्षा सुमारे ४० टक्के कमी होती. म्हणजे पानं पडत होती, पण त्यांना खाणारे सूक्ष्मजीव रोडावले होते. जमिनीवरचा पाचोळ्याचा थरही तिथे जाड होता. संशोधकांना त्यात वणव्याचा धोका दिसला, कारण असा पाचोळा पेटला की त्यातलं सीझियम धुरासोबत पुन्हा हवेत जातं. एप्रिल २०२० मध्ये त्या परिसरात मोठे वणवे लागलेही.